मोबाईलची ‘वीट’ व तिचें पुनरुज्जीवन

घरांतील बहुतेक यंत्रांचा बिघाड डोळ्यांना दिसतो. शिवणयंत्राचा पट्टा तुटतो, सायकलची साखळी निसटते, पंख्याचें पातें वाकतें. कोठें हात घालावा हें पाहणाऱ्यास तत्काळ कळतें. मोबाईल फोनचें मात्र तसें नाहीं. तो पडलेला नसतो, भिजलेला नसतो, त्याची कांच शाबूत असते व बॅटरीहि भरलेली असते. आणि तरीदेखील एखाद्या सकाळीं तो उघडतच नाहीं. बटण कितीहि वेळ दाबून धरलें तरी पडदा काळाच राहतो. अथवा कंपनीचें बोधचिन्ह तेवढें उमटतें, नाहींसें होतें, पुन्हां उमटतें, आणि हा खेळ बॅटरी संपेपर्यंत चालतो. इंग्रजी भाषेंत अशा फोनला ‘ब्रिक’, म्हणजे वीट, असें नांव पडलें आहे. कारण कागद उडूं नयेत म्हणून त्यांवर ठेवण्यापलीकडे त्याचा उपयोग उरत नाहीं. आपल्याकडील दुरुस्तीच्या दुकानांत ‘फोन डेड झाला’ असें म्हणतात, आणि पाठोपाठ दुसरें वाक्य ऐकूं येतें: ‘सॉफ्टवेअर मारावें लागेल.’

हें ‘सॉफ्टवेअर मारणें’ म्हणजे नेमकें काय करणें? ज्या यंत्रास स्वतःचें नांवहि आठवत नाहीं, तें संगणकाच्या हांकेला ‘ओ’ कसें देतें? ह्या उपचारांत काय परत मिळतें आणि काय कायमचें जातें? विद्यार्थ्यांस हा विषय शास्त्राच्या दृष्टीनें मनोरंजक वाटेल; पालकांस तो त्याहून जवळचा वाटावा. ज्या घरांत एकच स्वस्त फोन आहे, आणि त्या एका फोनांतच बँकेचे व्यवहार, मुलांचा अभ्यास व दिवंगत आजोबांचीं छायाचित्रें सांठविलेलीं आहेत, त्या घरानें दुकानदाराच्या हातीं फोन देण्यापूर्वीं ह्या प्रश्नांचीं उत्तरें जाणून घेणें अगत्याचें आहे. म्हणून हा विषय आम्ही येथें शक्य तितका सोपा करून मांडीत आहों.

प्रथम शब्दांचा अर्थ पाहूं. यंत्राचा जो भाग हातांत धरतां येतो त्यास हार्डवेअर म्हणतात. त्याच्याकडून काम करवून घेणाऱ्या सूचनांस सॉफ्टवेअर म्हणतात. ‘हार्ड’ म्हणजे कठीण व ‘सॉफ्ट’ म्हणजे मऊ. ह्या दोहोंच्या मधल्या सूचनांकरितां ॲशर ओप्लर नांवाच्या अमेरिकन संगणकतज्ज्ञानें १९६७ सालीं ‘फर्मवेअर’ हा शब्द योजिला. ‘फर्म’ म्हणजे घट्ट, सहसा न हलणारें. पुढें ह्या शब्दाचा अर्थ विस्तारला. आज ज्या सूचना यंत्राच्या पोटांत कारखान्यांतच लिहिलेल्या असतात व ज्यांच्यावांचून तें जागेंच होत नाहीं, त्या सर्वांस फर्मवेअर म्हणण्याचा प्रघात आहे. फोनच्या बाबतींत तर ॲन्ड्रॉइड ही कार्यप्रणाली धरून कारखान्यांतून आलेल्या सबंध गाठोड्यालाच हें नांव देतात.

ह्या सूचना ज्या स्मृतींत राहतात, तिचा इतिहासहि जाणण्यासारखा आहे. पूर्वीं अशी एक चिप होती कीं, तिच्यावरील मजकूर पुसावयाचा असेल तर तिच्या पाठीवरील स्फटिकाच्या खिडकींतून अतिनील किरण कांहीं मिनिटें आंत सोडावे लागत. जपानांतील तोशिबा कंपनींत काम करणारे फुजिओ मासुओका ह्यांनीं विजेच्याच साह्यानें स्मृतीचा मोठा भाग एका झटक्यांत पुसण्याची युक्ति शोधून काढली व १९८४ सालीं ती शास्त्रज्ञांपुढें मांडली. छायाचित्र घेतांना दिवा क्षणांत चमकतो, तसें हें पुसणें पाहून त्यांचे सहकारी शोजी आरिइझुमी ह्यांनीं तिला ‘फ्लॅश’ हें नांव सुचविलें. १९८७ सालीं मासुओका ह्यांनीं तिचा अधिक दाट व स्वस्त असा ‘नॅन्ड’ हा प्रकार जगापुढें आणिला, आणि त्याच जातीची स्मृति आज आपल्या खिशांतील फोनांत आहे. वीज गेली तरी तींतील मजकूर जात नाहीं, कारण तिच्या सूक्ष्म घरांतून विद्युत्कण निरोधक भिंतींआड कोंडलेले असतात. फर्मवेअर ह्या स्मृतींत लिहिण्याच्या क्रियेसच ‘फ्लॅश करणें’ म्हणतात, व दुकानांतील ‘सॉफ्टवेअर मारणें’ तें हेंच.

मात्र ह्या स्मृतीचा एक स्वभाव लक्षांत ठेवला पाहिजे. तींत लिहिलेलें एखादें अक्षर खोडून त्याच जागीं दुसरें लिहितां येत नाहीं. आधीं सबंध चौकट पुसावी लागते व मग नवें लिहावें लागतें. पाटी पुसून झाली आणि नवें गणित मांडण्यापूर्वींच खडू हातांतून गळला, तर पाटीवर जुनें गणित नाहीं व नवेंहि नाहीं. फर्मवेअर बदललें जात असतां बॅटरी संपली किंवा केबल निसटली, म्हणजे फोनची हीच अवस्था होते. वीट होण्याचें हें एक नेहमींचें कारण. दुसऱ्याच मॉडेलचें फर्मवेअर घालणें, हें दुसरें. तिसरें कारण म्हातारपणाचें आहे: प्रत्येक चौकट ठराविक वेळांच पुसली जाऊं शकते, आणि स्वस्त फोनांतील लहान स्मृति सतत पुसून-लिहून लवकर जीर्ण होते. ह्या तिसऱ्या दुखण्यावर सॉफ्टवेअरचा इलाज चालत नाहीं. तेथें चिपच बदलावी लागते.

आतां फोन जागा कसा होतो तें पाहूं. सकाळीं शाळा कशी उघडते हें विद्यार्थ्यांनीं आठवावें. शिपायाजवळ फाटकाची एकच किल्ली असते. तो फाटक उघडून कचेरींत जातो, तेथील खिळ्यावरचा जुडगा घेऊन वर्ग उघडतो. मग घंटा होते, शिक्षक वर्गावर जातात व अभ्यास सुरू होतो. प्रत्येक जण पुढच्यास जागें करून बाजूला होतो. फोनमध्यें अशीच चढण आहे. पहिला शिपाई म्हणजे ‘बूट रॉम’. हा अगदीं लहान प्रोग्रॅम मुख्य चिपेच्या अंगांतच, ती घडवितांना, कोरलेला असतो. तो पुसतां येत नाहीं व बदलतांहि येत नाहीं. त्याला येवढेंच ठाऊक असतें कीं, फ्लॅश स्मृतींत अमुक जागीं ‘प्रीलोडर’ नांवाचा दुसरा प्रोग्रॅम आहे, तो उचलावा व त्याच्यावर पुढील काम सोंपवावें. प्रीलोडर फोनची रॅम, म्हणजे कामापुरती मोठी स्मृति, तयार करतो व बूटलोडरला आणतो. बूटलोडर कंपनीचें बोधचिन्ह दाखवितो व ॲन्ड्रॉइडच्या गाभ्यास हांक मारतो. आणि शेवटीं आपल्या ओळखीचीं चिन्हें पडद्यावर येतात. ह्यावरून निदानाचा एक सोपा नियम निघतो. बोधचिन्ह येऊन फोन अडत असेल, तर बिघाड वरच्या पायऱ्यांवर आहे. पडदा व बॅटरी निर्दोष असूनहि फोन मुळींच हालचाल करीत नसेल, तर खालची पायरी ढासळली असावी.

ह्या सर्वांचें एक आपल्याच देशांतील उदाहरण घेऊं. १५ सप्टेंबर २०१४ रोजीं गूगलनें भारतांत ‘ॲन्ड्रॉइड वन’ ही स्वस्त फोनांची योजना सुरू केली. मायक्रोमॅक्स, कार्बन व स्पाइस ह्या तीन भारतीय कंपन्यांचे तीन फोन एकदम बाजारांत आले, किंमत रु. ६,३९९ पासून. तिघांचीं नांवें निराळीं, पाठीवरची मुद्रा निराळी. परंतु आंत पाहावें तर तिघांतहि मीडियाटेकची ‘एमटी ६५८२’ हीच चिप, १ गीगाबाइट रॅम व ४ गीगाबाइट सांठवण. मीडियाटेक ही १९९७ सालीं तैवानांतील सिन्चू येथें स्थापन झालेली कंपनी. चिपेबरोबरच फोनचा तयार आराखडा व सॉफ्टवेअरहि देण्याचा परिपाठ तिनें ठेविला. त्यामुळें लहान कारखानदारांसहि थोड्या खर्चांत फोन काढणें शक्य झालें. फोन स्वस्त होण्याचें हें एक मोठें कारण होय. आणि तालुक्याच्या गांवांतील दुरुस्तीवाला एका जुन्या संगणकावर, एकाच साधनाच्या बळावर, कित्येक कंपन्यांचे फोन उठवूं शकतो, त्याचें कारणहि हेंच. मीडियाटेकच्या चिपांकरितां असलेल्या त्या साधनाचें नांव ‘एस. पी. फ्लॅश टूल’ असें आहे.

हें साधन काम कसें करतें, हा ह्या विषयांतील सर्वांत सुंदर भाग आहे. फोन पूर्ण बंद करून यू.एस.बी. केबलीनें संगणकास जोडला कीं चिपेंत वीज येऊन बूट रॉम जागा होतो. प्रीलोडर धडधाकट असेल तर तोहि पुढें जाण्यापूर्वीं फार थोडा वेळ थबकून, केबलीवरून कोणी हांक मारीत आहे कीं काय, हें ऐकतो. आणि प्रीलोडरच नष्ट झाला असेल तर बूट रॉम स्वतः कान देऊन बसतो. संगणकावरील साधन एकामागून एक चार अंक पाठवितें: १६०, १०, ८०, ५. प्रत्येक अंकास फोननें ठराविक उत्तर द्यावयाचें असतें. तीं उत्तरें अशीं: ९५, २४५, १७५, २५०. विद्यार्थ्यांनीं प्रत्येक हांक व तिचें उत्तर ह्यांची बेरीज करून पाहावी. १६० व ९५ मिळून २५५. १० व २४५ मिळून २५५. पुढील दोन जोड्यांचीहि तीच गोष्ट. ह्यांत जादू कांहीं नाहीं. संगणक सर्व संख्या शून्य व एक ह्या दोनच अंकांनीं लिहितो. १६० ही संख्या त्या पद्धतीनें १०१००००० अशी लिहितात. फोन तींतील प्रत्येक एकाच्या जागीं शून्य व शून्याच्या जागीं एक ठेवितो. होतात ०१०१११११, म्हणजे ९५. आठ घरांत सर्वत्र एक लिहिल्यास २५५ होतात, म्हणून बेरीज नेहमीं तीच. येवढ्या साध्या युक्तीनें साधनाची खात्री पटते कीं, समोर खरोखरच कोणी तरी ऐकत आहे व त्यास आपली भाषा येते. नुसता प्रतिध्वनि असता तर १६० ला १६० च परत आले असते. घरच्यांनीं ज्याची आशा सोडली, त्या फोनचा हा पहिला ‘ओ’.

ओळख पटली कीं साधन ‘डाउनलोड एजंट’ नांवाचा एक छोटा कारभारी फोनमध्यें पाठवितें. तो फ्लॅश स्मृतींत नव्हे, तर चिपेच्या आंतील तात्पुरत्या स्मृतींत उतरतो, रॅम तयार करतो, आणि संगणक देईल तो मजकूर सांगितलेल्या जागीं लिहितो. काम आटोपून वीज तोडली कीं तो स्वतः मागें कांहींच न ठेवतां नाहींसा होतो. संगणकाच्या पडद्यावर आधीं तांबडी पट्टी सरकते, तेव्हां हा कारभारी फोनमध्यें जात असतो. पिवळी पट्टी सरकते, तेव्हां लिहिणें चालूं असतें. आणि सर्व यथासांग पार पडलें म्हणजे हिरवी खूण दिसते. 

पण कोणता मजकूर कोठें लिहावयाचा, हें कारभाऱ्यास कोणी सांगावयाचें? त्याकरितां ‘स्कॅटर फाईल’ असते. ही साध्या अक्षरांत लिहिलेली यादी असून, स्मृतीचे कप्पे किती, प्रत्येकाचें नांव काय, तो कोणत्या क्रमांकापासून सुरू होतो व किती लांब आहे, हें तींत नमूद केलेलें असतें. आपल्या खेड्यांत गटाचा नकाशा व सात-बाराचा उतारा असतो, तशीच ही व्यवस्था. आतां एका गांवाचा नकाशा घेऊन दुसऱ्या गांवांत घर बांधावयास निघालें तर काय अनर्थ होईल? विहिरीच्या जागीं भिंत व रस्त्याच्या जागीं गोठा! चिप एकच असली तरी निरनिराळ्या मॉडेलांचे नकाशे, पडदे व रॅम निराळ्या असूं शकतात. एवढेंच नव्हे, तर एकाच नांवाचा फोन वेगवेगळ्या घडणींचा निघतो. म्हणून फोनच्या पाठीवरचा किंवा खोक्यावरचा पूर्ण मॉडेल-क्रमांक पाहिल्यावांचून जो सॉफ्टवेअर मारावयास बसतो, तो दुरुस्ती करीत नाहीं, जुगार खेळतो.

ह्या साधनांत एके ठिकाणीं तीन पर्याय दिलेले असतात, आणि कुटुंबाचें नफानुकसान त्यांवर अवलंबून असतें. पहिला ‘डाउनलोड ओन्ली’: ज्या कप्प्यांवर खूण केली असेल तेवढेच नव्यानें लिहिले जातात, बाकीच्यांस हात लागत नाहीं. आपलीं छायाचित्रें ज्या ‘यूजरडेटा’ नांवाच्या कप्प्यांत असतात, त्यावरील खूण काढून टाकल्यास तीं वांचण्याचा संभव असतो. दुसरा ‘फर्मवेअर अपग्रेड’: ह्यांत फोनच्या ओळखीचे कांहीं कप्पे आधीं बाजूस काढून मागाहून परत ठेविले जातात, परंतु आपला खासगी मजकूर बहुधा जातो. तिसरा ‘फॉरमॅट ऑल’: ह्यांत सारी पाटी कोरी होते. फोन चटकन उठतो, गिऱ्हाइकास तो नव्यासारखा दिसतो, पण घरीं येऊन पाहावें तों छायाचित्रें गेलीं व कधीं कधीं सिमकार्ड घालूनहि रेंज येत नाहीं.

रेंज कां येत नाहीं, हें समजून घेण्यासारखें आहे. स्मृतींत ‘एन. व्ही. रॅम’ नांवाचा एक लहानसा कप्पा असतो. कारखान्यांत प्रत्येक फोनचा रेडिओ-भाग मोजून-मापून जुळविलेला असतो व तीं मापें येथें लिहिलेलीं असतात. त्याबरोबरच फोनचा आय.एम.ई.आय. हा १५ अंकी ओळखक्रमांकहि असतो. कार्यप्रणाली लाखों फोनांची एकच असल्यामुळें ती पुन्हां मिळते. हा कप्पा मात्र जगांत त्या एकाच फोनचा असतो. तो पुसला तर दुसऱ्या कोणत्याहि फोनमधून आणतां येत नाहीं. कांहीं लोक अशा वेळीं मनास येईल तो क्रमांक लिहून काम भागवितात. हें कृत्य गुन्हा आहे. भारतांत २०१७ सालच्या नियमांनीं हा क्रमांक बुद्ध्या बदलणें व पुसणें वर्ज्य ठरविलें, आणि २०२३ च्या दूरसंचार कायद्यानें त्यास तीन वर्षांपर्यंत कारावास किंवा ५० लक्ष रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा ठेविली. सांगावयाचें तात्पर्य हें कीं, कुशल दुरुस्तीवाला कांहींहि लिहिण्यापूर्वीं ह्या कप्प्याची नक्कल उतरवून ठेवितो. पांच मिनिटांचें काम. परंतु त्यावरच कारागीर ओळखावा.

इतर चिपांचीहि पद्धति तत्त्वतः हीच आहे. अमेरिकेंतील क्वालकॉम कंपनीच्या चिपा ‘आपत्कालीन डाउनलोड’ नांवाच्या अवस्थेंत जातात. तेथें ‘सहारा’ नांवाच्या संभाषणानें छोटा कारभारी आंत घेतात व ‘फायरहोज’ नांवाच्या संभाषणानें त्याच्याकडून लिहून घेतात. फोन ह्या अवस्थेंत आपण होऊन गेला नाहीं, तर कारागीर फोन उघडून आंतील फळीवरचे दोन सूक्ष्म तांब्याचे ठिपके क्षणभर एकमेकांस जोडतो. शांघाय येथें २००१ सालीं स्प्रेडट्रम म्हणून निघालेली व २०१८ पासून युनिसॉक म्हणून ओळखली जाणारी कंपनी आपलें सर्व गाठोडें एकाच ‘पॅक’ फाईलींत बांधते. नांवें बदललीं तरी क्रम तोच: हांक, ओळख, कारभारी, नकाशा, लेखन.

येथपर्यंत वाचून कोणास वाटेल कीं, फोन अडला कीं हा मोठा उपचार करावा. तसें नव्हे. पडसें झालें म्हणून कोणी शस्त्रक्रिया करीत नाहीं. प्रथम फोन अर्धा तास चार्जिंगला लावावा व मग बंद-चालूचें बटण बराच वेळ दाबून धरावें. पुष्कळ ‘मेलेले’ फोन येवढ्यानेंच उठतात. बोधचिन्ह येऊन अडत असेल तर बहुतेक फोनांत आवाज वाढविण्याचें बटण व बंद-चालूचें बटण एकत्र दाबून ‘रिकव्हरी’ नांवाच्या दुसऱ्या दारानें आंत जातां येतें. तेथून फोन पुन्हां सुरू करणें किंवा कंपनीचें अधिकृत फर्मवेअर घालणें शक्य असतें. मात्र त्याच यादींत ‘वाइप डेटा’ असें एक कलम असतें. तें निवडल्यास आपला सारा मजकूर जातो, हें ध्यानांत असावें. ॲन्ड्रॉइडच्या २०१६ सालच्या सातव्या आवृत्तीपासून तर कार्यप्रणालीच्या दोन प्रती शेजारीं शेजारीं ठेवण्याची सोय निघाली आहे. नवी प्रत लिहितांना बिघडली तर फोन जुन्या प्रतीवर परततो. ज्या फोनांत ही सोय आहे, त्यांची वीट होण्याचें भय पुष्कळच कमी झालें आहे.

आतां ह्या विद्येची दुसरी बाजू. जें दार मालकास उघडतें तेंच चोरासहि उघडेल, हा कोणत्याहि दाराचा धर्म आहे. चोरलेला फोन सबंध पुसून विकतां येऊं लागला, तेव्हां कुलपें बसविणें भाग पडलें. २०१५ पासून ॲन्ड्रॉइडमध्यें अशी योजना आली कीं, रिकव्हरीच्या दारानें फोन पुसला तरी तो आधींच्या मालकाचें गूगल-खातें मागतो. पुढें बूटलोडर प्रत्येक कप्प्यावरची कंपनीची सांकेतिक सही तपासूं लागला. पुष्कळ नव्या चिपांचा बूट रॉम तर सही नसलेल्या कारभाऱ्यास उंबरठ्यावरच अडवितो. कांहीं चिपांत अतिसूक्ष्म फ्यूज असतात. फर्मवेअरची सुरक्षित नवी आवृत्ति घातली कीं त्यांतील एक जळतो, आणि त्यानंतर जुनी आवृत्ति घालूं गेल्यास फोन ती नाकारतो, प्रसंगीं वीटच होतो. शिवाय २०१९ सालच्या ॲन्ड्रॉइड १० पासून नव्या फोनांतील खासगी मजकूर सांकेतिक रूपांत ठेवणें सक्तीचें झालें आहे. स्मृतींतील अक्षरें जशींच्या तशीं बाहेर काढलीं तरी किल्लीवांचून त्यांचा अर्थ लागत नाहीं. ह्या कुलपांमुळें प्रामाणिक मालकाचीहि अडचण होते, हें खरें. गांवांतील दुकानांत होणारें काम आतां कित्येकदां कंपनीच्या केंद्रावरच होतें, आणि बंद फोनांतून छायाचित्रें काढून देणें बहुतेक ठिकाणीं अशक्य झालें आहे. परंतु हरवलेल्या फोनांतील आपलीं पत्रें व बँकेच्या खुणा परक्याच्या हातीं पडत नाहींत, तेंहि ह्याच कुलपांमुळें.

आणखी एक धोका आहे. फर्मवेअर कोठून घेतलें, हा प्रश्न लोक क्वचितच विचारतात. २०१७ सालीं ‘डॉक्टर वेब’ ह्या रशियन कंपनीस कांहीं स्वस्त फोनांच्या फर्मवेअरमध्येंच ‘ट्रायडा’ नांवाचा उपद्रवी प्रोग्रॅम दडलेला आढळला. २०१९ सालीं गूगलनेंहि हा प्रकार मान्य केला. फोन ‘फॅक्टरी रिसेट’ केल्यानें अशी कीड जात नाहीं, कारण त्या क्रियेंत केवळ आपला खासगी कप्पा रिकामा होतो. कार्यप्रणालीचे कप्पे जसेच्या तसे राहतात. तेथें स्वच्छ फर्मवेअर नव्यानें लिहिणें हाच उपाय. उलट, कोणीहि कोठेंहि ठेवलेली फाईल उचलून फोनमध्यें घातली, तर चांगल्या फोनमध्येंहि तीच कीड आपल्या हातानें शिरते.

ह्या सर्व विवेचनावरून पालकांनीं घ्यावयाचा बोध थोडक्यांत सांगतों. फोन चांगला चालत आहे तोंपर्यंतच छायाचित्रांची व महत्त्वाच्या कागदांची दुसरी प्रत अन्यत्र ठेवावी. मेमरी कार्ड, संगणक, नातलगांचा फोन, कांहींहि चालेल. फोनवर *#०६# हीं अक्षरें दाबावीं व दिसेल तो आय.एम.ई.आय. क्रमांक घरच्या वहींत लिहून ठेवावा. फोनला दोन सिमकार्डें लागत असल्यास क्रमांकहि दोन असतात. फर्मवेअर बदललें जात असतां बॅटरी निदान अर्धी भरलेली असावी व मुलांनीं बटणें दाबूं नयेत. दुकानांत फोन देतांना तीन प्रश्न विचारावे: आमचा मजकूर राहील कीं जाईल? सारी स्मृति पुसणार कीं कांहीं कप्पेच? ओळखक्रमांकाच्या कप्प्याची नक्कल आधीं घेणार काय? ज्यास ह्या प्रश्नांचा राग येतो, त्याच्याकडे फोन देऊं नये. जो सरळ सांगतो कीं, ‘फोन वांचेल, पण फोटो वांचतील असें सांगतां येत नाहीं,’ तो मनुष्य भरंवशाचा समजावा. परिणाम सांगून मग काम करणें, हा सर्वच कारागिरांचा पहिला धर्म आहे.

आणि विद्यार्थिमित्रहो, तुम्हांपैकीं पुष्कळांस हें वाचून स्वतः हात घालण्याची इच्छा झाली असेल. ती चांगली आहे. तिला आवर घालूं नका, फक्त तिची जागा निवडा. घरांत किंवा ओळखीच्या दुकानांत एखादा जुना, टाकून दिलेला, स्वतःच्या मालकीचा फोन मागून घ्या. त्याचें मॉडेल शोधा, त्याची स्कॅटर फाईल उघडून कप्प्यांचा नकाशा वहींत काढा, कोणता कप्पा कशाकरितां आहे तें लिहा, आणि मगच केबल जोडा. तो बिघडला तर शिक्षण झालें. उठला तर आनंद झाला. ज्या फोनवर आईची बँक व धाकट्या बहिणीचा अभ्यास चालतो, त्यावर मात्र प्रयोग करूं नये. जें पुन्हां लिहितां येतें तें धिटाईनें पुसावें. जें पुन्हां मिळणार नाहीं त्यास आधीं जपावें. इतका विवेक ज्याला साधला, त्याच्या हातीं हीं साधनें निर्धास्तपणें द्यावीं, असें आम्हांस वाटतें.